ऐकून मिळालेलं शास्त्र

माझी पणजी सहीच्या जागी अंगठा उठवायची. पण मत्तयकृत शुभवर्तमानातला डोंगरावरचा उपदेश, पाचव्या अध्यायाच्या आरंभापासून सातव्याच्या अखेरपर्यंत, तिला तोंडपाठ होता. शास्त्रपाठाची वेळ झाली आणि वाचणारे मास्तर परगावी गेलेले असले, की मंडळीतल्या बाया तिच्याकडे वळून बघायच्या. मग ती डोक्यावरचा पदर सारखा करून उभी राहायची आणि सुरू करायची. नेवासा तालुक्यातल्या आमच्या वस्तीत हे पुष्कळ वर्षं चाललं. मला हे आजीनं सांगितलं, आणि आजी आपल्या आईविषयी काही वाढवून सांगणारी नव्हती.

पणजीची गोष्ट छप्पनच्या दुष्काळापासून सुरू होते. 1899 साली पाऊस गेला. विक्रम संवत 1956 म्हणून त्याला छप्पनचा दुष्काळ म्हणतात. आधी गुरं गेली, मग माणसं जाऊ लागली. पणजी तेव्हा आठ-दहा वर्षांची पोर. बाप गेलेला, आई, एक भाऊ आणि एक धाकटी बहीण. अमेरिकन मराठी मिशनचं काम नगरला 1831 पासून होतं आणि वडाळ्याला त्यांचं ठाणं होतं. तिथं धान्य मिळेल, काम मिळेल म्हणून ही चौघं चालत गेली. भावाला मिशनच्या शाळेत घेतलं. धाकटीला केडगावला पंडिता रमाबाईंच्या मुक्ती मिशनात पाठवलं. पणजी आईजवळ राहिली, कारण आईला दळायला आणि शेळ्यांमागे जायला हाताशी कुणीतरी हवं होतं. भावाला अक्षर मिळालं, बहिणीला मिळालं. पणजीच्या वाट्याला आलं ते फक्त ऐकणं.

रात्री वस्तीत कंदील लागायचा. साऱ्या वस्तीत पवित्र शास्त्राची प्रत एकच, आणि ती मास्तरांच्या ट्रंकेत. मास्तर अर्धं वचन म्हणायचे, थांबायचे. माणसं ते मागून म्हणायची. मग उरलेलं अर्धं. मग पूर्ण वचन, आधी सगळ्यांनी मिळून, नंतर एकेकानं. दुसऱ्या रात्री नवं वचन घेण्याआधी कालचं म्हणायचं, आणि आठवड्याच्या शेवटी पहिल्यापासून. कुणी अडखळलं तर मास्तर पुढचा शब्द सांगत नसत. शेजारच्यानं सांगायचा, असा नियम होता. त्यामुळे एकाचं विसरणं दुसऱ्याच्या आठवणीनं भरून निघायचं. पणजी सकाळी जात्यावर बसली की रात्रीची वचनं पुन्हा म्हणायची. दळण संपेपर्यंत अध्याय पुढे सरकलेला असायचा. आजी त्या आवाजातच उठायची, आणि पुढे शाळेत गेल्यावर तिच्या ध्यानात आलं की पुस्तकातलं बरंचसं तिला आधीच येत होतं.

मराठीत नवा करार छापून तेव्हा जवळजवळ नव्वद वर्षं झाली होती. बंगालात श्रीरामपूरला विल्यम कॅरी यांनी वैजनाथ पंडितांच्या मदतीनं केलेला मराठी नवा करार 1811 साली निघाला होता. 1813 साली मुंबईत आलेल्या अमेरिकन मिशनऱ्यांनी आपलं भाषांतर 1826 साली छापलं. पुस्तक होतं, छापखाने होते. पण गावच्या शाळेत महारवाड्यातल्या पोराला ओसरीवरही बसू देत नसत, तिथं छापलेलं पुस्तक पोचून उपयोग काय? ते वस्तीत शिरलं ते कानावाटे. माझ्या पणजीच्या पिढीनं शास्त्र हातात धरलं नाही, आणि तरी ते त्यांच्याइतकं कुणाचंच झालं नाही. मला या लेखात सांगायचं आहे ते एवढंच. बाकीच्या गोष्टी त्याच्या साक्षीला आहेत.

या माणसांना पाठांतर नवीन नव्हतं. नेवासं हे ज्ञानेश्वरीचं गाव. ज्या खांबाला टेकून ज्ञानदेवांनी ती सांगितली असं मानतात, तो पैस खांब तिथं आजही आहे. सांगणारे ज्ञानदेव आणि लिहून घेणारे सच्चिदानंदबाबा, म्हणजे त्या ग्रंथाचा जन्मही बोलण्या-ऐकण्यातूनच झाला. अभंग, भजन, कीर्तन यांवर वाढलेला कान पुढे ख्रिस्ती मंडळीत आला. नगरचे कृष्णराव रत्नाजी सांगळे यांनी ख्रिस्ती कीर्तन उभं केलं. नंतर नारायण वामन टिळकांनी अभंगाच्या चालीवर गीतं दिली. आबा, म्हणजे माझे आजोबा, सांगायचे की कीर्तनकार बुवा हातात पुस्तक घेत नसत. उधळ्या पुत्राची गोष्ट असो की योसेफाची, सगळं मुखोद्गत. आणि एखादं वचन चुकलं तर समोर बसलेली म्हातारी माणसं तिथल्या तिथं दुरुस्त करत.

मोठी झाल्यावर मी फादर थॉमस स्टीफन्स यांचं ‘क्रिस्तपुराण’ वाचलं आणि आमच्या वस्तीतल्या कंदिलामागे केवढा इतिहास उभा आहे ते कळलं. हा इंग्रज जेझुइट 1579 साली गोव्यात उतरला. नव्या ख्रिस्ती लोकांची जुनी पुराणं सुटली होती, आणि ऐकायला, म्हणायला दुसरं काही नव्हतं. तेव्हा स्टीफन्सनी बायबलातली कथा ओवीत बांधली. सुमारे अकरा हजार ओव्यांचा हा ग्रंथ 1616 साली रायतूरला रोमन लिपीत छापला गेला. रविवारी आणि सणाच्या दिवशी देवळात तो मोठ्यानं म्हणत. ओवी यासाठीच घेतली होती. ती कानाला धरते आणि जिभेवर बसते. 1684 साली पोर्तुगीज सरकारनं लोकभाषेवर बंदीचा हुकूम काढला. छापील प्रती दुर्मीळ झाल्या, पण हातानं उतरवलेल्या पोथ्या आणि माणसांच्या तोंडच्या ओव्या राहिल्या. टिपूच्या कैदेत श्रीरंगपट्टणला नेलेल्या मंगळूरकडच्या ख्रिस्ती कुटुंबांना या ओव्यांनी धीर दिला, असं त्यांच्या परंपरेत सांगतात. 1907 साली मंगळूरला त्याची नवी आवृत्ती निघाली, तीही अशा जपलेल्या हस्तलिखितांच्या आधारानं. सत्तेला छापखाना बंद करता आला, पाठांतर बंद करता आलं नाही.

पणजीची धाकटी बहीण केडगावहून कधीमधी भेटीला यायची. ती तिथं लिहायला-वाचायला शिकली होती आणि छापखान्यात खिळे जुळवायचं काम करत होती. रमाबाईंची थोरवी तिच्या तोंडून घराला कळली. रमाबाई स्वतः पाठांतरात वाढलेल्या. वडील अनंतशास्त्री डोंगरे आणि आई लक्ष्मीबाई यांच्याबरोबर त्या तीर्थातीर्थांवर फिरल्या. हे कुटुंब पुराण सांगून पोट भरायचं, आणि भागवतासारखा अठरा हजार श्लोकांचा ग्रंथ रमाबाईंना लहानपणीच पाठ होता. पण ऐकणाऱ्या बाईला त्या संस्कृतातलं काही कळत नाही. पुण्य मिळेल या आशेनं ती नुसती बसून असते, हे त्यांनी पाहिलं होतं. पुढे ख्रिस्ती झाल्यावर त्यांनी हिब्रू आणि ग्रीक शिकून अख्खं बायबल सोप्या मराठीत आणायला घेतलं, ते अडाणी बाईलाही ऐकताच उमगावं म्हणून. 5 एप्रिल 1922 रोजी त्या गेल्या. भाषांतराचं काम तेवढ्यात पुरं झालं होतं. 1924 साली ते पूर्ण बायबल मुक्ती मिशनातल्या मुलींच्याच हातून छापून बाहेर पडलं.

आजीनं पाहिलेला एक प्रसंग ती नेहमी सांगायची. दोघी बहिणी ओट्यावर बसल्या होत्या. धाकटीच्या मांडीवर रमाबाईंच्या भाषांतराचं पुस्तक होतं, थोरलीच्या मांडीवर निवडायची ज्वारी. धाकटी वाचू लागली आणि थोरली तेच वचन बरोबरीनं तोंडपाठ म्हणू लागली. शब्द वेगळे पडत होते, कारण थोरलीचे मिशनच्या जुन्या भाषांतरातले होते. धाकटी थांबली. पणजी म्हणाली, “तू वाच गं. अर्थ तोच हाय. तुझंबी ऐकते, माझंबी म्हणते.” असं दोघींनी पूर्ण अध्याय संपवला.

पणजीच्या पाठांतरात तिला सगळ्यांत जवळचं होतं ते लूकच्या पहिल्या अध्यायातलं मरीयेचं गीत. देवानं गर्विष्ठांची दाणादाण केली, सत्ताधाऱ्यांना आसनावरून खाली उतरवलं, दीनांना वर उचललं, भुकेल्यांना पोटभर दिलं आणि धनवानांना रिकाम्या हातांनी परत पाठवलं, असा त्याचा आशय. छप्पनच्या दुष्काळात बाप गमावलेली, पाटलाच्या विहिरीवर पाणी न मिळालेली बाई हे मंडळीपुढे मोठ्यानं म्हणते, तेव्हा तिथं काय होत असेल? आजी म्हणायची, त्या वेळी लहान पोरंसुद्धा चुळबूळ करत नसत. तिच्या आवाजात मरीया कुठं संपते आणि आपली आई कुठं सुरू होते, ते समजायचं नाही.

शास्त्राचे अभ्यासक सांगतात की मरीयेचं हे गीत जुन्या करारातल्या हन्नेच्या गीतावरून आणि स्तोत्रांवरून उमललेलं आहे. हन्ना ही शमुवेलाची आई. तिचं गीत पहिल्या शमुवेलाच्या दुसऱ्या अध्यायात आहे. खालचे वर आणि वरचे खाली, भुकेले तृप्त, हे सगळं त्यात आहे. नासरेथसारख्या खेड्यातल्या मुलीजवळ गुंडाळ्या कुठून असणार? तिनं ते सभास्थानात आणि घरात ऐकलं असणार. मुलांना हे शिकवा, घरी बसता-उठता आणि वाटेनं चालताना त्याविषयी बोला, अशी आज्ञा जुन्या करारातल्या ‘अनुवाद’ या पुस्तकाच्या सहाव्या अध्यायात आहे. ऐकलेलं आत मुरलं आणि तिच्यावर प्रसंग आला तेव्हा तिचंच होऊन बाहेर पडलं. खुद्द येशूनं अरण्यातल्या परीक्षेत सैतानाला दिलेली तिन्ही उत्तरं अनुवादाच्या पुस्तकातली आहेत, आणि वधस्तंभावरचे त्याचे काही उद्गार स्तोत्रांतले. दोन्ही वेळी हातात ग्रंथ नव्हता. माणूस एकटा पडतो तेव्हा जे तोंडात येतं तेवढंच शास्त्र त्याच्याजवळ असतं.

आबा उपदेशक होते, नगरला उपदेशकांच्या वर्गात शिकलेले. मंडळ्यांचा जुना इतिहास ते गोष्टीसारखा सांगत. त्यांतली एक मी पुन्हा पुन्हा मागून घ्यायची. चौथ्या शतकाच्या आरंभी रोमन बादशहांनी ख्रिस्ती लोकांचा छळ मांडला. योहान नावाच्या एका आंधळ्या मिसरी माणसाचे डोळे गेलेलेच होते, तरी छळणाऱ्यांनी त्या जागी तापलेल्या लोखंडानं डागलं. कैसरियाचे बिशप युसेबियस यांनी त्याला एकदा मोठ्या मंडळीच्या मध्यभागी उभं राहून शास्त्रपाठ करताना ऐकलं. नियमशास्त्र, संदेष्टे, शुभवर्तमानं, कुठलंही असो, तो अखंड म्हणायचा. लांबून ऐकणाऱ्या युसेबियसना वाटलं, हा पुस्तकातून वाचतो आहे. जवळ गेल्यावर दिसलं की सभोवतालचे लोक डोळ्यांनी पाहत आहेत आणि योहान अंतःकरणातून म्हणतो आहे. युसेबियसनी हे स्वतः लिहून ठेवलं आहे. हा योहान पुढे हुतात्मा झाला.

आबा याला जोडून अंतोनीची गोष्ट सांगत. मिसरच्या अरण्यात राहणाऱ्या या तपस्व्याला वाचता येत नव्हतं असं ऑगस्तीननं म्हटलं आहे. त्यानं शास्त्र ऐकून पाठ केलं आणि मनन करून समजून घेतलं. मग बेनेदिक्तचे मठवासी. दर आठवड्याला दीडशेच्या दीडशे स्तोत्रं म्हणायची असा त्यांचा नियम. 787 साली नायसियाच्या दुसऱ्या परिषदेनं तर असं ठरवलं की ज्याला स्तोत्रसंहिता येत नाही त्याला बिशप करू नये. आबा इथं थांबून पणजीकडे बोट दाखवायचे असं आजी सांगे. “या परिषदेपुढं उभ्या राहिल्या असत्या, तर आमच्या सासूबाई पास झाल्या असत्या.” यात कौतुक होतं, थट्टा नव्हती.

उतारवयात आबांच्या डोळ्यांत मोतीबिंदू उतरला. तोवर पणजी गेली होती आणि मी सब्बाथशाळेत जाऊ लागले होते. आबांनी उपासना सोडली नाही. स्तोत्र 136 ते हमखास घेत. त्याच्या सव्वीस वचनांत प्रत्येकाचा उत्तरार्ध एकच आहे, देवाच्या दयेचा. आबा पूर्वार्ध म्हणत, मंडळी उत्तरार्ध. पुस्तक कुणाजवळच उघडं नसे, आणि ज्याला काहीच येत नाही असा पाहुणाही तिसऱ्या वचनापासून सामील व्हायचा. मुखानं म्हणण्यासाठी रचलेलं शास्त्र असं असतं. स्तोत्र 119 हिब्रूत वर्णमालेच्या बावीस अक्षरांवर बांधलेलं आहे, दर अक्षराला आठ वचनं, एकूण 176. एका अक्षराची आठही वचनं त्याच अक्षरानं सुरू होतात. पाठ करणाऱ्याला दुवा राहावा म्हणून कवीनं घेतलेले हे कष्ट भाषांतरात दिसत नाहीत. आबांनी ते फळ्यावर काढून आम्हा मुलांना दाखवले होते.

1972 चा दुष्काळ मी स्वतः पाहिला. आमची निम्मी मंडळी खडी फोडायला जायची. रविवारी सुट्टी घेतली तर त्या दिवसाची मजुरी बुडायची, म्हणून पाळकसाहेब संध्याकाळी कामाच्या जागीच आले. दगडांच्या राशीत बायाबापड्या बसल्या, पोरांच्या हातात सुकडी होती. अंधार पडत आला तसं वाचणं अवघड झालं. मग आजी उठली आणि तिनं मरीयेचं गीत म्हटलं, तिच्या आईच्याच शब्दांत. एका दुष्काळात ऐकलेलं ते दुसऱ्या दुष्काळात कामी आलं. खडीवर आलेल्या इतर समाजांच्या बायाही जवळ येऊन ऐकत होत्या. भुकेल्यांचं वचन आलं तेव्हा त्यांतली एक म्हणाली, “बाई, हे पुन्यांदा म्हणा.” आजीनं पुन्हा म्हटलं.

पाठांतरावर एक आक्षेप नेहमी घेतला जातो की ती घोकंपट्टी आहे, पोरं अर्थ न कळता पोपटासारखं बोलतात. या आक्षेपात तथ्य आहे. बक्षिसासाठी पाच मिनिटांत वचन उरकणारी आणि खाली बसताच विसरणारी मुलं मी सब्बाथशाळेत शिकवताना पाहिली आहेत. रमाबाईंची सारी धडपड अशाच न कळणाऱ्या पठणाविरुद्ध होती. पण त्यांनी पाठांतर टाकलं नाही, भाषा सोपी केली. अंतोनी ऐकायचा आणि मनन करायचा. पणजी जात्यावर वचन घोळवायची आणि दुपारी मास्तरांना गाठून विचारायची, याचा अर्थ काय. दोष पाठ करण्यात नाही, तिथंच थांबण्यात आहे.

आज आमच्या मंडळीत भिंतीवर पडदा आहे, त्यावर वचनं उमटतात. प्रत्येकाच्या मोबाईलमध्ये अख्खं बायबल आहे, तेही चार भाषांतरांत. ही सोय चांगली आहे. अंगठा उठवणाऱ्या बाईच्या पणतीला तिची किंमत कळते. पण वीज गेली की उपासना अडते, हे बरं नाही. शास्त्रपाठ करणारा मान खाली घालून पडद्यावरचं वाचतो आणि ऐकणारे आपापल्या मोबाईलमध्ये बघतात. कुणी कुणाकडे बघत नाही. तोंडपाठ म्हणणाऱ्याला समोरच्या माणसांकडे बघावंच लागतं. तो अडला तर मंडळी सावरून घेते, आणि त्या क्षणी ते वचन दोघांचं होतं. शास्त्रपाठ हा उपासनेचा भाग आहे तो यासाठी.

म्हणून पाळकांना, सब्बाथशाळेच्या शिक्षकांना आणि घरोघरच्या आईवडिलांना माझं मागणं आहे. महिन्यातल्या एका रविवारी शास्त्रपाठ पुस्तकाविना होऊ द्या. उतारा लहान असला तरी चालेल. स्तोत्र 23 घ्या, स्तोत्र 121 घ्या, करिंथकरांस लिहिलेल्या पहिल्या पत्राचा तेरावा अध्याय घ्या. बक्षीस लावू नका. आधी अर्थ समजावून सांगा, मग पाठ करून घ्या, आणि चुकलं तर शेजारच्यानं सांगायचं हा जुना नियम पाळा. सुरुवात सत्तरीच्या पुढच्या माणसांपासून करा, कारण जुन्या भाषांतरातले शब्द आता त्यांच्याच तोंडी उरले आहेत. त्यांचं म्हणणं मोबाईलवर ध्वनिमुद्रित करून ठेवा आणि नव्या भाषांतरातला तोच उतारा मुलांकडून म्हणवून घ्या. दोन्ही मंडळीत एकत्र नांदू शकतात. आपल्या आज्यापणज्यांना पुस्तक मिळालं नव्हतं, तरी त्यांनी शास्त्र आपल्यापर्यंत आणलं. आपल्याला पुस्तक मिळालं आहे. पुढच्या पिढीला त्यातला निदान एक अध्याय आपल्या तोंडून ऐकू येईल, एवढं तरी आपण केलंच पाहिजे.